तरीचा प्रश्न

आमच्या कुलवृत्तांताच्या नव्या आवृत्तीचे संपादक पुण्याचे. बँकेतून निवृत्त झालेले, अतिशय नम्र आणि तितकेच चिवट. त्यांचे सात वाजतात तेव्हा आमच्या शारजात साडेपाच झालेले असतात, हे मी त्यांना तीनदा सांगितलं. तिन्ही वेळा ते "हो का, हो का" म्हणाले आणि चौथ्यांदा पुन्हा साताच्या ठोक्याला फोन केला. मी अर्धवट झोपेत फोन अण्णांच्या हातात दिला. अण्णा म्हणजे माझे वडील. आई गेल्यापासून ते अल मजाजमध्ये आमच्याकडेच असतात आणि साडेपाचला आंघोळ उरकून बसलेले असतात.

संपादकांचं म्हणणं थोडक्यात असं होतं, की जुन्या आवृत्तीत तुमच्या पणजोबांच्या नावापुढे नुसतं "मेंबर होते" एवढंच छापलेलं आहे. कशाचे मेंबर? म्युनिसिपालिटीचे असतील, लोकल बोर्डाचे असतील, एखाद्या वाचनालयाचेही असतील. तुम्ही म्हणता तसे मुंबई कायदे कौन्सिलचे होते, तर महिन्याच्या आत कागद दाखवा. नाहीतर आहे तेच छापू.

अण्णांनी फोन ठेवला आणि माझ्याकडे असं बघितलं, की जणू तो कागद मीच कुठेतरी दडवून ठेवला होता.

त्यांचे पणजोबा, म्हणजे माझे खापरपणजोबा, आमच्या घरात कायम "नामदार" म्हणूनच ओळखले गेले. इतरांच्या घरी पूर्वजांचे फोटो असतात, आमच्याकडे फोटो नव्हता, फक्त ही पदवी होती. लहानपणी गणितात कमी मार्क पडले की "नामदारांच्या घरातली तू" हे ऐकावं लागे. अण्णा सांगायचे, की एकोणिसाव्या शतकात, गव्हर्नर स्वतः खुर्चीत बसलेला असताना, नामदारांनी भर कौन्सिलात टेबलावर हात आपटला आणि तरीचा प्रश्न विचारला. गव्हर्नर उठून उभा राहिला. कधी त्याने हस्तांदोलन केलं, कधी नुसतीच मान झुकवली, ते अण्णांच्या त्या दिवशीच्या तब्येतीवर अवलंबून असे.

ही "तरी" म्हणजे काय हे मी कधी विचारलं नाही. मी वाढले पुण्यात. पुण्यात तरी म्हटलं की एकच तरी, मिसळीवरची. सातव्या-आठव्या वर्षी माझी पक्की समजूत होती, की इंग्रजांनी मिसळीवर तरी घालायला बंदी केली होती आणि आमच्या नामदारांनी ती उठवली. मोठी झाल्यावर वाटायला लागलं, की हा "तरीसुद्धा"मधला तरी असणार. सरकारने काहीतरी गुळमुळीत सांगितलं असेल आणि नामदारांनी "असं असलं तरी" करून त्याला पकडलं असेल. हे जास्त शोभत होतं, म्हणून मी तेच धरून चालले.

आता शोधणार कोण? भाऊ पुण्यात राहतो, मुंबईची अर्काइव्ह्ज त्याला चार तासांवर. पण भाऊ बिझी असतो. तो जन्मल्यापासून बिझी आहे. अण्णांनी त्याला फोन केला, तो म्हणाला, "बघतो, अण्णा," आणि कुटुंबाच्या ग्रुपवर हात जोडलेल्या खुणा टाकून मोकळा झाला. म्हणजे मीच. मी सकाळी साडेसहाला शारजातून निघते, कारलिफ्टच्या, म्हणजे महिन्याचे पैसे भरून चौघींनी वाटून घेतलेल्या गाडीच्या, मागच्या सीटवर तीन जणींच्या मध्ये चेपून दीड तासाने जबल अलीला पोचते, दिवसभर एका वेअरहाउस कंपनीच्या एचआरमध्ये सातशे माणसांच्या रजा सांभाळते आणि तेवढाच वेळ घालवून परत येते. माझ्याकडे अर्थातच भरपूर वेळ होता.

तरी मी हो म्हटलं, आणि एक अट घातली. जुन्या आवृत्तीत ज्याने माहिती जमवली त्याचं नाव त्या त्या नोंदीखाली बारीक अक्षरात छापलेलं आहे. "माहिती : अमुक." मी म्हटलं, "अण्णा, कागद सापडला तर खाली माझं नाव यायला हवं." खरं सांगते, मला त्या पुस्तकात जागा हवी होती. त्या जाडजूड पुस्तकात माझ्या आत्यांची नावंसुद्धा नाहीत. आजोबांच्या नावापुढे "पुत्र एक, कन्या तीन" आहे. पुत्राचं, म्हणजे अण्णांचं, नाव पुढे ठळक अक्षरात येतं. कन्या तीनच्या तीनच राहतात. मला ठळक अक्षर नको होतं, बारीकही चाललं असतं.

"घालू की," अण्णा म्हणाले. "तू शोधशील तर तुझंच येणार."

मग मी शोधायला बसले. कौन्सिलच्या कामकाजाचे जुने इंग्रजी खंड कुणी कुणी स्कॅन करून इंटरनेटवर ठेवलेले आहेत. ज्याने केले त्याचं भलं होवो, पण अर्ध्या पानांवर त्याचा अंगठा आहे. मी कारलिफ्टमध्ये, लंच अवरमध्ये, डेंटिस्टकडे बसल्या बसल्या आमचं आडनाव शोधत राहिले. इंग्रजांनी त्याचं काय केलं असेल याचा भरवसा नाही, म्हणून एकूण अकरा स्पेलिंगं करून पाहिली. एकाही खंडात एकही स्पेलिंग लागलं नाही. रोज संध्याकाळी दारात पाऊल टाकलं की अण्णा विचारत, "काय म्हणतात नामदार?" मी म्हणे, "काही म्हणत नाहीत." त्यावर ते नवा तपशील पुरवीत. पगडी पांढरी होती. बग्गी कौन्सिलच्या पायरीपर्यंत नेली होती. मला तारीख हवी होती, वर्ष हवं होतं, आणि मला पगडीचा रंग मिळत होता. तिसऱ्या आठवड्यात मी त्यांच्यावर चक्क ओरडले. म्हटलं, "तुमच्या नामदारांना कुणी गेटच्या आत तरी घेतलं होतं का, हे मला आधी कळू दे." ते जेवले नाहीत. मीही जेवले नाही. माझ्या नवऱ्याने दोघांच्या वाटणीचं निमूटपणे फ्रिजमध्ये ठेवलं.

महिना संपायला सहा दिवस राहिले असताना आमच्या वेअरहाउसमधला एक फोर्कलिफ्ट ऑपरेटर रजेचा अर्ज घेऊन माझ्या टेबलापाशी आला. पन्नाशीचा माणूस, कोकणातला, आमच्या मूळ गावाच्याच खाडीच्या पलीकडच्या तीरावरचा. कंपनीच्या कॅम्पात अठरा वर्षं काढलेली.

"मॅडम, लीव्ह अप्रूव्ह झाली काय?"

"सिस्टम डाउन आहे, भाऊ. उद्या, इन्शाल्ला."

तो जाईना. माझ्या स्क्रीनवर पिवळं पडलेलं पान होतं, त्याकडे बघत राहिला. "हे काय, कुणाचं जुनं सर्टिफिकेट?"

कंटाळलेला माणूस कुणाशीही बोलतो. मी त्याला सगळं सांगितलं. नामदार, गव्हर्नर, आडनाव सापडत नाही इथपर्यंत. आणि शेवटी म्हटलं, "तरीसाठी भांडले म्हणे. आता तरीसाठी कोणी गव्हर्नरशी भांडतं का, तुम्हीच सांगा."

"का नाय भांडणार?" तो म्हणाला. "पावसात तर बंद झाली की पल्याड जायचं कसं?"

मला काही कळेना. त्याला माझं न कळणं कळेना. मग त्याने हात आडवा करून हळूहळू पुढे सरकवला. "मॅडम, तर. तर म्हंजे होडी. खाडीतून ह्या अंगाहून त्या अंगाला माणसं नेते ती. आमची म्हातारी अजून तरच बोलते. तुम्ही बर दुबईला आब्रात बसलाव ना कधी? तीच तर."

बर दुबईच्या त्या लाकडी होड्यांत मी शंभर वेळा बसले असेन. पाहुणे आले की प्रत्येकाला नेऊन बसवते. चाळीस वर्षं घरात तरीचा प्रश्न ऐकत होते, आणि तर म्हणजे होडी हे मला जबल अलीत एका फोर्कलिफ्टवाल्याने सांगावं लागलं. घरी अण्णांना विचारलं तर ते म्हणाले, "मग दुसरी कुठली तर असणार? तुला काय वाटलं होतं?" मी काय वाटलं होतं ते सांगितलं नाही.

दुसऱ्या दिवशी त्याची रजा आधी अप्रूव्ह केली आणि मग खंडांमध्ये इंग्रजी "फेरी" हा शब्द टाकला. तिसऱ्याच खंडात लागला. प्रश्नोत्तरांचं पान, आणि प्रश्न विचारणारे "दि ऑनरेबल" अमुक, पुढे त्यांच्या वडिलांचं नाव, आणि पूर्णविराम. आडनाव नाहीच. त्या काळी आपल्याकडे स्वतःचं आणि वडिलांचं नाव सांगितलं की ओळख पुरी होत असे, आणि नामदारांनी सहीच तशी केली होती. मी अकरा स्पेलिंगं केली होती एका अशा शब्दाची, जो त्यांनी कधी लिहिलाच नव्हता. नाव आणि वडिलांचं नाव वंशावळीशी जुळलं, गाव जुळलं, खाडी जुळली. परतीच्या कारलिफ्टमध्ये माझ्या डोळ्यांत पाणी आलं. शेजारच्या फिलिपिनो बाईने न विचारता टिश्यू पुढे केला.

मग मी आधीची आणि नंतरची पानं नीट वाचली. नामदार दोन वर्षं कौन्सिलात होते, गव्हर्नरने नेमलेले जादा सभासद म्हणून. कायदे करण्यापुरते जादा, असा त्या शब्दाचा अर्थ. कधी मुंबईत, कधी पुण्यात बैठका. बहुतेक सगळ्यांना हजर. हजेरीच्या यादीत नाव, आणि पुढे पानंच्या पानं काही नाही. दोन वर्षांत त्यांनी एक प्रश्न विचारला. पावसाळ्यात तरीचा मक्तेदार मनाला येईल तेव्हा तर बंद ठेवतो, त्यामुळे पलीकडच्या गावांतली आजारी माणसं आणि बाळंतिणी अडकून पडतात, हे सरकारला माहीत आहे काय? उत्तर एका ओळीचं. चौकशी करण्यात येईल. त्याच्यावर पुन्हा प्रश्न विचारायची मुभा नियमांत नव्हती. कोणी टेबलावर हात आपटल्याचं किंवा गव्हर्नर उठून उभा राहिल्याचं लिहिलेलं नाही.

शनिवारी जेवण झाल्यावर मी छापलेली पानं अण्णांपुढे ठेवली आणि वाचून दाखवली. आधी त्यांचा चेहरा उजळला. मग "जादा" या शब्दापाशी ते अडकले. "जादा म्हणजे काय? वरकड?" मी समजावून सांगितलं. "आणि भाषण?" भाषण नाही, म्हटलं. माझी मुलगी, वय वर्षं पंधरा, सोफ्यावर फोन बघत होती, ती मान वर न करता म्हणाली, "सो नोबडी व्होटेड फॉर हिम?"

"लोकल बोर्डांनी नाव सुचवायचं," मी म्हटलं, "आणि गव्हर्नरने नेमायचं."

"अँड ही आस्क्ड वन क्वेश्चन. इन टू इयर्स."

"नामदार होते ते," अण्णा चिडून म्हणाले. "उगाच कोणी नेमत नाही."

मला मात्र त्या सगळ्या पानांतलं तेच एक पान आवडलं होतं, आणि अजूनही आवडतं. गव्हर्नर, कलेक्टर, मोठमोठे बॅरिस्टर यांच्यात बसून खाडीकाठच्या त्या माणसाला दुसरं काही नाही, बाळंतिणींची होडी आठवली. आधी लेखी कळवून, नियमात बसवून, त्याने ती सरकारच्या वहीत घातली. टेबलावर हात आपटण्यापेक्षा मला हे जास्त अवघड वाटतं. मी अण्णांना तसं सांगितलं. ते म्हणाले, "पण हे छापायला बरं दिसत नाही." आमची तासभर वादावादी झाली. शेवटी मी पाच ओळींचा मजकूर केला. त्यात कौन्सिल आलं, जादा सभासद आलं, तर आली, आणि हात आपटणं गाळलं. अण्णा रुसले, पण हो म्हणाले. माहितीचा फॉर्म त्यांनी स्वतःच्या हाताने भरला. त्यांचं अक्षर सुंदर आहे आणि फॉर्म भरायला त्यांना आवडतं, म्हणून मी तो वाचला नाही. पानांबरोबर स्कॅन केला आणि शेवटच्या दिवशी दुपारी पुण्याला पाठवून दिला.

संपादकांनी लगेच कळवलं, की पुरावा उत्तम आहे, समितीने एकमताने स्वीकारला आहे.

दोन महिन्यांनी छपाईआधीचं पान तपासायला आलं. मी ऑफिसात उघडलं. पाचही ओळी जशाच्या तशा होत्या, एक वेलांटीसुद्धा चुकली नव्हती. आणि खाली बारीक अक्षरात, "माहिती :" आणि माझ्या भावाचं नाव.

मला वाटलं संपादकांची चूक. तिथूनच फोन लावला. ते नेहमीसारखेच गोड बोलले. "ताई, फॉर्मवर तेच नाव आहे हो. आणि रकानाही बघा ना, 'माहिती देणारी कुलातील व्यक्ती' असा आहे. लग्न झालेल्या मुली तांत्रिकदृष्ट्या त्यात बसत नाहीत. तुमचा मुद्दा योग्यच आहे, पुढच्या आवृत्तीच्या वेळी समितीपुढे नक्की ठेवू." मागची आवृत्ती निघाली तेव्हा माझा जन्म व्हायचा होता. मी त्यांना तेही सांगितलं. त्यावर ते म्हणाले, "अण्णांनी दोन ओळी लिहून सही करून दिली ना, तर अपवाद म्हणून करता येईल. त्यांच्या शाखेपुरता त्यांचा शब्द चालतो."

म्हणजे दोन ओळींचं काम होतं. त्या संध्याकाळी मला ट्रॅफिक जाणवला नाही.

अण्णा खालिद लगूनवर फेरी मारून आले होते आणि बूट काढत होते. मी त्यांना सगळं शांतपणे सांगितलं. इतकं शांतपणे मी त्यांच्याशी वर्षभरात बोलले नव्हते. म्हटलं, "फॉर्मवर दादाचं नाव का घातलंत?"

"पद्धत आहे ती," ते म्हणाले. "मुलाचं नाव लागतं."

"त्याने एक पान तरी उघडलं का?"

"नाही उघडलं. मला माहीत आहे." त्यांनी दुसरा बूट काढला. "तूच शोधलंस. मी सगळ्यांना सांगतो की तूच शोधलंस."

"तुम्ही म्हणाला होतात, तुझंच येणार."

"हो. म्हणालो होतो."

मी कागद आणि पेन त्यांच्यापुढे ठेवलं. काय लिहायचं तेही सांगितलं. त्यांनी पेनाचं टोपण काढलं, आणि पेन तसंच धरून बसले. मग म्हणाले, "आता हे पुन्हा समितीपुढे जाणार. कुणीतरी फाटे फोडणार. जादा आणि बिदा पुन्हा निघणार, आणि एवढं हातातोंडाशी आलेलं लांबणार. माझं वय बघ. आणि दादाला काय वाटेल? त्याचं नाव काढून तुझं घातलं असं दिसेल ते."

"दादाला काही वाटणार नाही. त्याला माहीतच नाही त्याचं नाव आहे ते."

"तरी पण."

मला भयंकर राग आला. मला रडू येत होतं आणि त्या रडण्याचाही राग येत होता. मी त्यांना पुष्कळ बोलू शकले असते, सगळं तयार होतं. पण समोर एक्याऐंशी वर्षांचा माणूस नुसत्या पायमोज्यांत बसला होता, त्याला मरायच्या आधी एक ओळ छापून आलेली बघायची होती, आणि तो मला घाबरत होता. मला ते घाबरणं बघवेना. मी कोरा कागद उचलला.

मी ऑफिसातून छापून आणलेल्या त्या पानावर, खालच्या कोपऱ्यात, त्यांनी त्यांच्या सुंदर अक्षरात "मजकूर मान्य" लिहिलं. सही केली, तारीख घातली, आणि शाई वाळेपर्यंत फुंकर मारत राहिले. मग ते पान माझ्यापुढे धरलं, कारण स्कॅन कसं करायचं ते त्यांना येत नाही.

मी पान टेबलावर सपाट करून फोनने स्कॅन केलं. पहिल्या वेळी खालच्या ओळीवर माझ्या हाताची सावली आली, म्हणून दिव्याखाली नेऊन पुन्हा केलं. भावाचं नाव स्वच्छ वाचता येत होतं. संपादकांना पाठवलं.

"गेलं का?" अण्णांनी विचारलं.

"गेलं," मी म्हटलं.